सहल सुरतला न्या, आणि मुलांना पायी चालवा

प्रति,
मुख्याध्यापक, मुख्याध्यापिका आणि सहलीची जबाबदारी सांभाळणारे शिक्षक,
जळगाव, धुळे व नंदुरबार जिल्ह्यांतील सर्व माध्यमिक शाळा

विषय: आठवी-नववीची शैक्षणिक सहल सुरत बंदराच्या पायी सफरीला नेण्याबाबत

सप्रेम नमस्कार.

दिवाळीची सुट्टी संपून शाळा भरली की पहिल्या काही दिवसांतच सहलीची बैठक बसते. मी दोंडाईचाजवळच्या एका माध्यमिक शाळेत भूगोल शिकवत होतो, आता निवृत्त आहे. त्या बैठकीत काय चालतं ते मला पाठ आहे. अजिंठा-वेरूळ, शिर्डी-नाशिक, सापुतारा आणि अलीकडे हटकून एखादं वॉटर पार्क. मग एसटीची सवलत, शिक्षण विभागाची परवानगी, पालकांची संमतिपत्रं, वर्गणी किती घ्यायची. एवढ्यात घंटा होते आणि बैठक संपते. शिक्षकांना मी दोष देत नाही. पन्नास पोरं सुखरूप नेऊन सुखरूप परत आणणं हेच केवढं मोठं काम आहे, हे मी केलेलं आहे.

तरीही त्या यादीत एका शहराची भर घाला, अशी माझी कळकळीची विनंती आहे. ते शहर सुरत. आणि तिथे मुलांना बसच्या खिडकीतून शहर दाखवू नका. माहीतगार गाइड घ्या, पायी चालवा, तापीच्या काठाने न्या. बंदर जिथे होतं तिथून सुरुवात करा आणि आज जिथे आहे तिथपर्यंत मुलांना पोचवा.

तुमच्या मनात पहिला प्रश्न येईल तो मला माहीत आहे. सुरत आपल्या पोरांना काय नवीन? आपल्या भागात असं घर शोधावं लागेल ज्याचं कुणीच सुरतला नाही. कुणाचा मामा लूमवर, कुणाचा काका प्रोसेस हाउसमध्ये, कुणाची आत्या लिंबायतला दिलेली. भुसावळ-सुरत पॅसेंजर लागली की अमळनेर, नरडाणा, शिंदखेडा, दोंडाईचा, नंदुरबार, प्रत्येक फलाटावर तोच सवाल-जवाब ऐकू येतो. “कथा चालनात भो?” “सुरतले.” यापुढे कुणी काही विचारत नाही, कारण विचारण्यासारखं काही उरत नाही.

पण याच पोरांना विचारून बघा, सुरतेत समुद्र कुठे आहे? तापी तिथे कुठून शिरते आणि कुठून बाहेर पडते? मी वर्गात विचारत असे. उधना स्टेशनच्या बाहेर वडापाव कुठे मिळतो ते मुलं सांगायची. समुद्राचं नाव काढलं की वर्ग गप्प व्हायचा. घरातला माणूस वीस-वीस वर्षं ज्या शहरात राबतो, ते शहर बंदर आहे आणि आपल्याच नदीच्या मुखाशी वसलेलं आहे, हे आठवीच्या मुलाला माहीत नसावं याचं मला फार वाईट वाटायचं. अजूनही वाटतं.

आपण शिकवतो तरी काय? तापी मुलताईला उगम पावते, ७२४ किलोमीटर वाहते, पश्चिमवाहिनी आहे, अरबी समुद्राला मिळते. उपनद्यांची नावं मुलं घडाघडा म्हणतात. चांगदेवला पूर्णा मिळते, मुडावदला पांझरा, प्रकाशाला गोमाई. गिरणा, वाघूर, बोरी, अनेर ही नावं तर त्यांच्या गावच्या पाण्याचीच आहेत. आणि नंतर? प्रकाशाच्या पुढे नदी नकाशावर निळ्या रेघेएवढीच उरते. उकाईचं धरण आलं तर एक गुणाचा प्रश्न. तिच्या शेवटच्या टप्प्यात काय आहे, तिने तिथे काय घडवलं आणि काय बुजवलं, हे मी स्वतः सुरतेच्या काठावर उभं राहून ऐकलं तेव्हा वाटलं, हा धडा वर्गात शिकवताच येणार नाही. तो पायांनीच शिकायचा आहे.

मी एका हेरिटेज वॉकमध्ये सामील झालो होतो. सकाळी लवकर चौक बाजारात जमायचं होतं. आमचा गाइड शहरातलाच तरुण वास्तुविशारद, हिंदीत बोलणारा, मध्येच गुजरातीत घसरणारा. किल्ल्याच्या दारात आम्ही तिकिटासाठी खिसे चाचपू लागलो तर तो म्हणाला, किल्ला नंतर, आधी नदी. त्याने सगळ्यांना काठावर उभं केलं. ओहोटीची वेळ होती. पाणी मागे सरकून राखाडी चिखल उघडा पडला होता. त्याने विचारलं, “सुरत एवढं मोठं बंदर होतं म्हणतात, तर जहाजं कुठे उभी राहत असतील?” सगळ्यांनी समोरच्या पाण्याकडे बोट दाखवलं.

तो म्हणाला, मोठी जहाजं इथवर येतच नव्हती. नदीच्या मुखाशी गाळाचे दांडे होते, पात्र उथळ होतं. जहाजं मुखाच्या उत्तरेला सुवाळीच्या खोल पाण्यात नांगर टाकत आणि माल छोट्या होड्यांतून किंवा बैलगाड्यांतून शहरात येई. १६१२ साली इंग्रज आणि पोर्तुगीज यांची लढाई झाली ती त्याच सुवाळीला. म्हणजे जगभर नाव असलेलं बंदर, पण धक्क्याला जहाज लागत नाही असं. मग त्याने चिखलाकडे हात केला आणि विचारलं, “ये मिट्टी कहाँ की है?”

उत्तर मला माहीत होतं. ती आपली माती होती. सातपुड्याच्या उतारांवरची, शिंदखेड्याच्या, शिरपूरच्या, चोपड्याच्या काळ्या शिवारातली, दर पावसाळ्यात पांझरेने, अनेरने, गिरणेने तापीत नेऊन टाकलेली. अर्थात सगळीच आपली नव्हे. मध्य प्रदेशातली होती, गुजरातची होती. पण तापीचं मधलं सगळं खोरं आपलं आहे, आणि पहिल्या पावसात गढूळ तापी आपण सगळ्यांनी पाहिलेली आहे. तो गढूळपणा कुठेतरी जाऊन बसतोच ना? १९७२ साली उकाईचं धरण पुरं झालं, तेव्हापासून त्यातला बराच गाळ धरणाच्या पोटात थांबतो. त्याआधी शेकडो वर्षं तो सरळ मुखापर्यंत जात होता.

हे मुलांना तिथे उभं करून सांगितलं पाहिजे. मृदेची धूप हा पाठ आपण बांधबंदिस्तीच्या आकृतीने शिकवतो आणि मुलं ती आकृती पाठ करतात. पण शेताच्या बांधावरून गेलेली माती दोन-तीनशे किलोमीटर लांबच्या शहराचा धंदा कसा अडवते, हे एकदा डोळ्यांनी दिसलं तर तो मुलगा बांधाकडे वेगळ्या नजरेने पाहील. सुरत केवळ गाळामुळे मागे पडली असं मात्र कुणी सांगू नये. इंग्रजांनी १६८७ मध्ये आपलं मुख्य ठाणं मुंबईला हलवलं, मुंबईचं पाणी नैसर्गिकरीत्या खोल होतं, मोगल सत्ता ढासळत गेली, वाटा असुरक्षित झाल्या. १७३६ साली लवजी नसरवानजी वाडिया हा सुरतेचा पारशी जहाजबांधणी कारागीर मुंबईला गेला आणि तिथली गोदी त्याच्या घराण्याने नावारूपाला आणली. कारागीर शहर सोडतो तेव्हा शहराचं काय होतं, हेही या निमित्ताने मुलांशी बोलता येतं. तो विषय आपल्या पोरांच्या फार जवळचा आहे.

किल्ल्याबद्दल फार लिहीत नाही. पोर्तुगीजांनी १५३० मध्ये सुरत आणि पलीकडच्या काठावरचं रांदेर जाळलं, त्यानंतर गुजरातच्या सुलतानाच्या काळात खुदावंद खानाने हा किल्ला बांधला, १५४६ मध्ये तो पुरा झाला. महापालिकेने त्याची डागडुजी करून आत चांगलं संग्रहालय केलं आहे. मुलांना तासभर पुरतो. जवळच मुगलीसरा आहे, १६४४ सालची सराई. प्रवासी आणि हाजी जिथे उतरत त्या वास्तूत आज सुरत महानगरपालिकेचं मुख्यालय आहे. त्याच ठिकाणी गाइडने १९९४ ची प्लेगची साथ आणि त्यानंतर झालेली साफसफाई सांगितली. २०२३ च्या स्वच्छ सर्वेक्षणात सुरत इंदूरच्या बरोबरीने देशात पहिली आली. आपल्या शहरांतली मुलं हे ऐकून काय प्रश्न विचारतील ते विचारू द्या, अडवू नका.

मला जास्त वेळ घालवावासा वाटतो तो मक्काई पुलाच्या काठावर. हजला जाणाऱ्यांचा हा दरवाजा होता. हिंदुस्थानातल्या कानाकोपऱ्यातून माणसं सुरतला येत आणि इथून मक्केच्या वाटेला लागत. अकबराची आत्या गुलबदन बेगम १५७६ मध्ये सुरतेहूनच हजला गेली. औरंगजेबाचं ‘गंज-ए-सवाई’ हे मोठं जहाज १६९५ मध्ये मक्केच्या वाटेवरून सुरतला परतत असताना हेन्री एव्हरी नावाच्या इंग्रज चाच्याने लुटलं, आणि त्याची झळ सुरतेतल्या इंग्रज वखारवाल्यांना लागली. औरंगजेबाच्या हुकमाने त्यांना कोंडून ठेवण्यात आलं. समुद्री चाचा म्हटलं की मुलांच्या डोळ्यांपुढे पडद्यावरचा एकडोळ्या उभा राहतो. तो आपल्या नदीच्या तोंडाशी घडलेल्या प्रकरणात सापडला तर मुलं ते आयुष्यभर विसरणार नाहीत.

आता खानदेशाचा खरा धागा. त्या जहाजांत भरलेला माल कुठला होता? सुरतेचं स्वतःचं कापड होतंच, पण आत जाणारी मोठी वाट होती ती बऱ्हाणपूरची, आणि बऱ्हाणपूर तेव्हा खानदेशाचं मुख्य शहर. सुरत-बऱ्हाणपूर रस्ता आपल्या दारावरून जात होता. तावर्निये हा फ्रेंच जवाहिरा सतराव्या शतकात त्या वाटेने गेला. त्याने मुक्कामांची नावं दिली आहेत, त्यांत नवापूर आहे, नंदुरबार आहे, थाळनेर आहे, चोपडा आहे. नवापूरच्या तांदळाचं त्याने भरभरून वर्णन केलं आहे. दाणा बारीक, शिजला की पांढराशुभ्र, आणि वास कस्तुरीसारखा. इंग्लंडच्या राजाचा वकील टॉमस रो १६१५ मध्ये सुरतेला उतरला आणि जहांगीरचा मुलगा शहजादा परवेझ याला भेटायला याच वाटेने बऱ्हाणपूरला गेला. सतराव्या शतकातच इंग्रजांनी धरणगावात वखार घातली, कारण धरणगावचं कापड त्यांना हवं होतं.

चोपड्याची मुलगी सुरतेच्या काठावर उभी राहून आपल्या गावाचं नाव साडेतीनशे वर्षांपूर्वीच्या प्रवाशाच्या यादीत ऐकते, हे मला पाहायचं आहे. आपल्या पोरांच्या मनात एक गोष्ट घट्ट बसलेली असते, की जे काही मोठं घडलं ते पुण्या-मुंबईकडे घडलं, खानदेशात फक्त ऊन आणि केळी. त्यांना पुराव्यानिशी सांगितलं पाहिजे की तुमच्या गावच्या रस्त्याने हा माल वाहिला.

शिवरायांच्या सुरत स्वारीबद्दल मुलं विचारणारच, आणि मराठी शाळेची सहल असल्यामुळे जरा मोठ्यानेच विचारणार. जानेवारी १६६४ आणि ऑक्टोबर १६७०. हा भाग शिक्षकांनी आधी तयार करून न्यावा. आमच्या गाइडने तो सरळ सांगितला, कुणाला न दुखावता आणि काही न लपवता. शाहिस्तेखानाने तीन वर्षं मराठी मुलूख उद्ध्वस्त केला होता, स्वराज्याला पैसा हवा होता, आणि मोगलांची तिजोरी भरणारा जकातीचा पैसा सुरतेत होता. विरजी व्होरा हा तेव्हाच्या सर्वांत श्रीमंत व्यापाऱ्यांपैकी एक. त्याची घरं-वखारी लुटल्या गेल्या. इंग्रजांनी आपली वखार लढवून राखली, त्यांचा प्रमुख जॉर्ज ऑक्झेंडेन. पुढे मराठी फौजांनी आपलं धरणगावही लुटलं. म्हणजे एकाच व्यापारी वाटेचं एक टोक सुरत आणि एक गाठ धरणगाव, आणि दोन्हीकडे स्वारी होण्याचं कारणही एकच. मुलांना घोषणेपलीकडे नेऊन हा हिशेब दाखवला तर त्यांचा महाराजांबद्दलचा आदर कमी होत नाही, उलट पक्का होतो. आमच्या गटात एक सुरती आजी होत्या. त्यांनी शांतपणे विचारलं, “आणि ज्यांची घरं जळली त्यांचं?” गाइडने त्या प्रश्नालाही वेळ दिला. आपल्या मुलांनी तो प्रश्न ऐकावा असं मला वाटतं. चौदा वर्षांचं मूल तो पेलू शकतं.

त्याच जॉर्ज ऑक्झेंडेनची कबर कतारगाम दरवाज्याजवळच्या इंग्रजी दफनभूमीत आहे. तो १६६९ मध्ये वारला. भाऊ ख्रिस्तोफर दहा वर्षं आधी. दोघांवर मिळून घुमट आणि खांबांची दुमजली इमारत उभी आहे, पाहणाऱ्याला ती एखाद्या नवाबाची वाटावी. डच दफनभूमीत व्हान रेडचा मकबरा आहे. मलबारच्या वनस्पतींवर बारा खंडांचा ग्रंथ करवून घेणारा हा डच अधिकारी १६९१ मध्ये वारला. परदेशी व्यापारी एकमेकांशी कबरींच्या उंचीवरून चढाओढ करत होते, असं गाइड म्हणाला. खरं असावं. या जागा चौकापासून लांब आहेत, तिथे सिटी बसने जा. आणि दुपारचं ऊन टाळा.

२००६ चा पूर मात्र चालता चालताच सांगायचा आहे. त्या ऑगस्टमध्ये तापीच्या खोऱ्यात प्रचंड पाऊस झाला, उकाईतून पाणी सोडावं लागलं आणि सुरतेचा मोठा भाग दिवसेंदिवस बुडून राहिला. जुन्या वस्तीतला कुणीही दुकानदार भिंतीवर हात ठेवून दाखवतो, पाणी इथवर होतं. आपल्याकडे बातमी असते, ‘हतनूरचे दरवाजे उघडले’. भुसावळ, यावल, चोपड्याच्या काठच्या गावांना सावधगिरीचा इशारा मिळतो, आणि आपल्यापुरती बातमी संपते. त्या पाण्याची वाट पुढे उकाईत आणि उकाईतून सुरतेच्या माणसांच्या घरापर्यंत जाते. त्या घरांत आपलीही माणसं भाड्याने राहतात.

आता दुसरा दिवस. आजचं बंदर शहरात नाही, हजीरा भागात आहे, तापीच्या मुखापाशी. तिथे गोद्यांच्या आत सहज जाता येत नाही, आगाऊ परवानगी लागते, आणि ती मिळेलच असं धरून चालू नये. पण आखातापलीकडे सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर असलेल्या घोघ्याला जाणाऱ्या रो-रो फेरीचा धक्का तिथे आहे. ही सेवा नोव्हेंबर २०२० पासून चालू आहे. भरलेले ट्रक चालत्या चाकांनी जहाजाच्या पोटात शिरतात, आणि खंभातच्या आखाताला वळसा घालणारा साडेतीनशे किलोमीटरहून लांबचा रस्ता वाचतो. हे पाहायला कुठलं व्याख्यान लागत नाही. द्रवरूप नैसर्गिक वायूचं टर्मिनल, पोलाद कारखाना, खत कारखाना, कंटेनरच्या रांगा, सगळं त्याच पट्ट्यात.

कंटेनर म्हटलं की रावेर-सावद्याच्या मुलांना बोलू द्या. तिथल्या पॅकहाउसमध्ये केळी धुऊन, खोक्यांत भरून, थंड करून रीफर कंटेनरमध्ये चढवली जाते, आणि आत तेरा-चौदा अंश सेल्सिअस राखलं जातं, म्हणजे समुद्रावर ती पिकत नाही. बाप ज्या कंटेनरमध्ये घड भरतो, त्याचा पुढचा प्रवास मुलाने पाहिलेला नसतो. आपली निर्यातीची केळी मुख्यतः न्हावा-शेवाहून जाते, हजीऱ्याहून नव्हे, हे त्यांना सांगा. मग विचारा, असं का? सुरत जवळ असून माल मुंबईकडे का जातो? या प्रश्नाचं उत्तर द्यायला भूगोल, रेल्वे, रस्ते, जहाज कंपन्यांच्या फेऱ्या, सगळं लागतं. सहलीहून परतल्यावर महिनाभर हा विषय वर्गात चालेल.

सुवाळीचा किनाराही त्याच बाजूला आहे. लांबवर नांगरलेली जहाजं दिसतात, आणि इंग्रजांची जहाजंही याच पाण्यात उभी राहत. इथे एक सूचना गंभीरपणे करतो. खंभातच्या आखातात भरती-ओहोटीतला फरक कित्येक मीटरचा असतो आणि पाणी वेगाने चढतं. मुलांना पाण्यात अजिबात उतरू देऊ नका. आपली पोरं विहिरीत आणि पाटात पोहणारी, त्यांना समुद्राची भीती नसते.

आणि मग, परतीच्या गाडीआधी, त्यांना लिंबायत किंवा उधन्याला न्या. ही जागा कुठल्याही हेरिटेज वॉकमध्ये नाही, आणि हीच माझी गाइड मंडळींकडेही मागणी आहे, की ती असावी. बंदर बंद पडलं तरी शहर का मेलं नाही? कारण कापड राहिलं, हिरा आला, आणि ते काम करायला माणसं आली, ओडिशातून, उत्तर प्रदेशातून, सौराष्ट्रातून, आणि तापी खोऱ्याच्या रेल्वेने आपल्या गावांतून. १९०० च्या सुमारास ही लाइन सुरतेहून अमळनेरपर्यंत आली. आधी कापूस वाहायला, मग माणसं.

वॉक संपल्यावर मी लिंबायतला एका जुन्या विद्यार्थ्याकडे गेलो होतो. तो डाइंगमध्ये पाळीवर काम करतो, हात कोपरापर्यंत रंगलेले. मला पाहून म्हणाला, “सर, तुम्ही आठे?” मी सकाळी किल्ला पाहिल्याचं सांगितलं. तो पंधरा वर्षांहून जास्त काळ त्या शहरात आहे. म्हणाला, “किल्लाकडे जावानं कधी कामच नही पडनं, सर.”

ते वाक्य मला झोपू देत नाही, म्हणून हे पत्र लिहितो आहे. त्याला मी तीन वर्षं भूगोल शिकवला. तो ज्या शहरात गेला त्या शहराची गोष्ट त्याला कुणी सांगितली नाही, त्यामुळे ते शहर त्याच्यासाठी कारखाना, खोली आणि स्टेशन एवढंच राहिलं. आपल्या वर्गातली कितीतरी मुलं अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी त्याच गाडीत बसणार आहेत, हे आपण सगळे जाणतो. ती जातील तेव्हा तिथे हजेरी लावणारे हात म्हणून जाणं वेगळं, आणि ‘या नदीच्या वरच्या काठचा मी, माझ्या गावचं कापड इथून जगभर गेलं’ हे ठाऊक असताना जाणं वेगळं. काहींना त्या शहरात कामगाराच्या पलीकडे दुसरंही काही दिसेल. वास्तुरचना, बंदर व्यवस्थापन, जहाजावरची नोकरी, किंवा गाइड म्हणून शहर दाखवणं. आज खानदेशातल्या मुलाच्या डोक्यात हे पर्याय येतच नाहीत.

सुरत महापालिकेच्या शिक्षण समितीच्या मराठी माध्यमाच्या शाळा आहेत. त्यांतल्या एका शाळेशी आधी पत्रव्यवहार करून तासभर भेट ठरवा. तिथली मुलं आपल्याच मुलांच्या मावशी-मामांची असतील. त्यांना शहर जास्त ठाऊक असेल, आपल्या मुलांना नदी. दोघांना एकमेकांना सांगण्यासारखं खूप आहे.

थोडं व्यवहाराचं. परराज्याची सहल म्हणजे परवानगीचे कागद वाढतात, म्हणून दिवाळीआधीच अर्ज करा. गाइडमागे पंधरा-वीसपेक्षा जास्त मुलं नकोत. चौकातल्या वाहतुकीत आवाज पोचत नाही आणि मागची मुलं नुसती चालत राहतात. पन्नास मुलं असतील तर तीन गट, तीन गाइड. त्यासाठी वर्गणीत थोडी वाढ झाली तरी चालेल, जेवणाच्या मेजवानीत कपात करा. किल्ल्याची सुट्टी कोणत्या वारी असते ते आधी विचारून घ्या. तारीख ठरवताना भरती-ओहोटीचं वेळापत्रक पाहा आणि सकाळी ओहोटी असेल असा दिवस निवडा, म्हणजे तो चिखल दिसेल. डिसेंबर-जानेवारी सर्वांत चांगला. तेव्हा तिथे कोवळ्या ज्वारीचा पोंक मिळतो, शेव आणि लिंबू घालून. आपली मुलं हुरडा म्हणून तो लगेच ओळखतील, आणि हुरडा विकत घेऊन खाणारं शहर पाहून चकित होतील.

तापी खोऱ्याचा मुलताईपासून हजीऱ्यापर्यंतचा मोठा नकाशा मी हाताने तयार केला आहे. त्यावर आपली धरणं, संगम, जुनी सुरत-बऱ्हाणपूर वाट आणि रेल्वे लाइन दाखवली आहे. कुठल्याही शाळेला त्याची नक्कल हवी असेल तर मी देईन. सहलीआधी वर्गात येऊन दोन तास मुलांची तयारी करून घ्यायलाही मी तयार आहे, मानधन नको. दर तालुक्यातून यंदा एका शाळेने जरी हे मनावर घेतलं तरी पुढच्या वर्षी बाकीच्यांना त्यांच्याकडून विचारून घेता येईल. बैठकीत हा विषय मांडा, आणि नकार मिळाला तर नकाराचं कारण मला कळवा, म्हणजे त्यावर काही करता येतं का ते पाहता येईल.

आपला,
एक निवृत्त भूगोल शिक्षक,
दोंडाईचा, जि. धुळे